इयरफोन मीच घेऊन दिले होते

मागच्या मार्चमध्ये आमच्या शेजारच्या नानांच्या वीस गुंठे टोमॅटोची पानं आकसायला लागली. शेंड्याकडची पानं अरुंद झाली, दोऱ्यासारखी पिळवटली, देठं वाकडी झाली. नानांना वाटलं व्हायरस आला. टोमॅटोला काहीही झालं की पहिला संशय व्हायरसवर जातो आणि बऱ्याचदा तो खराही असतो. नानांनी पांढऱ्या माशीसाठी दोन फवारण्या केल्या, पिवळे चिकट सापळे लावले, नर्सरीवाल्याला फोनवर शिव्या घातल्या. रोज सकाळी ते बांधावर उभे राहून टोमॅटोकडे बघत बसायचे आणि पप्पा बांधाच्या अलीकडे उभे राहून त्यांच्याबरोबर हळहळायचे.

कारण बांधाच्या अलीकडेच होतं. आमचा खोडवा ऊस. त्यातल्या रुंद पानांच्या तणासाठी पप्पांनी टू-फोर-डी मारलं होतं. दुपारी अडीचला, वारं सुटलेलं असताना. ऊस गवताच्या कुळातला, त्याला या तणनाशकाचं काही होत नाही. टोमॅटो, द्राक्ष, कापूस यांना मात्र ते फार थोड्या प्रमाणातही बाधतं. फवाऱ्याचे बारीक थेंब वाऱ्यावर जातात, आणि औषधाच्या काही प्रकारांची तर नंतर वाफही उडते. मग जी लक्षणं दिसतात ती व्हायरससारखीच दिसतात.

हे मला कळलं ते पप्पांनी बघितलेला व्हिडिओ मी शेवटपर्यंत बघितला म्हणून. अकरा मिनिटांचा व्हिडिओ होता. पंपाला किती औषध घ्यायचं हे चौथ्या मिनिटाला सांगितलं होतं. वारा पडलेला असताना, सकाळी लवकर मारा, शेजारी भाजीपाला असेल तर मारूच नका, हे दहाव्या मिनिटाला. पप्पा म्हणाले, "डोस कळला, मग बंद केला. पुढं ते लाइक करा, शेअर करा असंच असतंय."

त्यांचं खरंच आहे, बहुतेक वेळा पुढं तेच असतं.

आता यात माझा संबंध कुठे आला? मी पुण्यात नोकरी करते आणि महिन्यातले काही दिवस घरून काम करते. घर म्हणजे माळेगाव बुद्रुक, तालुका बारामती. नीरा डाव्या कालव्याचं पाणी, शिवनगरचा साखर कारखाना, सगळीकडे ऊस. आमच्या पडवीत बसून पप्पा फोनवर शेतीचे व्हिडिओ पूर्ण आवाजात लावायचे. मी आतल्या खोलीत मीटिंगमध्ये. दर दोन मिनिटांनी मला म्यूट करावं लागायचं. शेवटी मागच्या दिवाळीत मी त्यांना गळ्यात अडकवायचे इयरफोन घेऊन दिले. त्यांना ते फार आवडले. घर शांत झालं. मला वाटलं, चला, एक प्रश्न सुटला.

पडवीतला तो आवाज चालू असताना तिथे काय काय चालायचं हे माझ्या तेव्हा लक्षात आलं नव्हतं. आजी निवडणं टिपणं करता करता मध्येच "काय बी सांगतंय मेलं" म्हणायची. दूध घालायला जाणारा एखादा जण गाडी बंद न करताच थांबून दोन वाक्यं ऐकायचा आणि "आमच्यात मारलं हुतं, काय फरक न्हाय पडला" असं सांगून जायचा. आई चहा देताना विचारायची की हे सगळं कितीला पडेल. व्हिडिओतला माणूस बोलत राहायचा आणि त्याच्या अंगावर हे सगळं पडत राहायचं. इयरफोन आल्यावर पप्पा आणि तो माणूस दोघेच उरले. त्या दिवशी पप्पा काय ऐकतायत हे घरात कुणालाच माहीत नव्हतं. पडवीतून आवाज आला असता तर आजी नक्की म्हणाली असती, "आरं पन वारं किती सुटलंय."

टोमॅटो कुणामुळे गेला, या प्रश्नावर मी गेले काही महिने अडकले आहे. अर्धवट ऐकणाऱ्यामुळे? महत्त्वाची गोष्ट शेवटी सांगणाऱ्यामुळे? की ऐकण्याची जागाच बदलून टाकणाऱ्या माझ्यामुळे? माणूस एखादी गोष्ट ऐकतो ती त्याची एकट्याची खासगी बाब असते का? कायद्याने असेल. पण जे ऐकून तो वागणार आहे त्याचा वारा शेजाऱ्याच्या रानात जाणार असेल, तर?

आजीला विचारलं तर तिने सरळ आबांच्या रेडिओवर नेऊन ठेवलं. "रेडिओ लागला की सगळीच बोलायची. रेडिओचं कोन ऐकतंय, एकमेकांचंच ऐकायची."

आबांचा तो रेडिओ अजून माळ्यावर आहे. चामड्याचं कव्हर, त्याला भोकं, आतली बॅटरी कधीतरी फुटून गंजलेली. काटा पुण्यावर अडकलाय. आकाशवाणीचं पुणे केंद्र सुरू झालं २ ऑक्टोबर १९५३ ला. मध्यम लहर, ७९२ किलोहर्ट्झ. तुमच्यापैकी अनेकांनी रेडिओ म्हणजे फक्त एफएमच ऐकलं असेल, म्हणून थोडं सांगते. मध्यम लहर म्हणजे एएम. यात लहरीची उंची आवाजाप्रमाणे कमीजास्त होते. या लहरी दिवसा जमिनीला धरून चालतात, त्यामुळे शंभरेक किलोमीटरवरचं पुणे आमच्या रानात निवांत लागायचं. रात्री मात्र वातावरणाच्या वरच्या थरावरून त्या परत फिरतात आणि कुठल्या कुठे पोचतात, म्हणून रात्री पुण्याच्या आवाजात मध्येच एखादी अनोळखी भाषा घुसायची. आणखी एक गंमत. विजेची ठिणगी पडली की तीही एएमवर ऐकू येते. आजी सांगते की विहिरीवरच्या मोटरीचा स्टार्टर दाबला की रेडिओत खर्रकन आवाज यायचा, त्यावरून घरात बसून कळायचं की लाईट आली आणि आबांनी मोटर चालू केली. म्हणजे पुण्याहून येणाऱ्या कार्यक्रमात आमची विहीरही थोडी बोलत होती.

रेडिओ ठेवायला तेव्हा पोस्टातून लायसन काढावं लागे आणि दरवर्षी पैसे भरावे लागत. ऐंशीच्या दशकात ते बंद झालं. हवेतून येणारं ऐकायला सरकारचा परवाना, हे आज मित्रमैत्रिणींना सांगितलं तर त्यांना मी फेकतेय असं वाटतं.

पुणे केंद्राचं नाव निघालं की लोक गीतरामायण काढतात. १ एप्रिल १९५५, रामनवमीपासून आठवड्याला एक, अशी छप्पन्न गाणी, गदिमा आणि सुधीर फडके. ते ठीकच आहे. पण त्याच केंद्राने पुढच्याच वर्षी आणखी एक गोष्ट केली. तिची गाणी झाली नाहीत म्हणून ती कुणाला आठवत नाही, आणि मला मात्र टोमॅटोच्या प्रकरणानंतर तीच जास्त महत्त्वाची वाटते.

१९५६ साली आकाशवाणीने युनेस्कोच्या मदतीने एक प्रयोग केला. तेव्हाच्या मुंबई राज्यातल्या पाच मराठी जिल्ह्यांतली दीडशे गावं घेतली. प्रत्येक गावात साधारण वीस जणांचं मंडळ. आठवड्यातून दोनदा, दहा आठवडे, पुणे केंद्रावरून त्यांच्यासाठी खास कार्यक्रम. मंडळाने एकत्र बसून तो ऐकायचा, रेडिओ बंद करायचा आणि मग त्यावर बोलायचं. काय पटलं, काय नाही, आपल्या गावात काय करता येईल. चर्चेचा अहवाल आणि पडलेले प्रश्न पुण्याला पाठवायचे, पुढच्या कार्यक्रमात त्यांना उत्तरं मिळायची. कल्पना मूळची कॅनडातली. तिथे १९४१ पासून शेतकऱ्यांची अशी मंडळं रेडिओभोवती जमत होती. आपल्याकडे ती आली तेव्हा आकाशवाणीचे महासंचालक होते जगदीशचंद्र माथुर, स्वतः हिंदीतले नाटककार. आणि पुणे केंद्राच्या ग्रामीण विभागात त्याच काळात नोकरीला लागले होते व्यंकटेश माडगूळकर, ज्यांची 'बनगरवाडी' तुम्ही वाचली असेल किंवा वाचायची राहून गेली असेल.

प्रयोगाचं मोजमाप मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेने केलं. तुलनेसाठी तीन तऱ्हेची गावं घेतली होती. एक, जिथे मंडळ आहे. दोन, जिथे रेडिओ आहे पण मंडळ नाही. तीन, जिथे रेडिओच नाही. कार्यक्रम सुरू होण्याआधी लोकांना विषयांची माहिती किती हे विचारलं आणि संपल्यावर पुन्हा विचारलं. मंडळाच्या गावांत माहिती भरपूर वाढलेली निघाली. बाकीच्या गावांत फारशी नाही. आणि त्या बाकीच्यांत रेडिओ असलेली गावंही होती.

हे मी वाचलं तेव्हा फोन बाजूला ठेवून थोडा वेळ नुसती बसले. म्हणजे सत्तर वर्षांपूर्वीच कुणीतरी मोजून ठेवलं होतं की नुसता आवाज पोचल्याने फार काही होत नाही. पुण्याचा मनोरा तोच, लहर तीच, निवेदकही तोच. फरक पडला तो रेडिओ बंद केल्यावरच्या वेळात.

मोजमाप करणाऱ्यांचे प्रमुख होते पॉल नॉयरात. हा माणूस व्हिएन्नाचा. १९३८ साली ऑस्ट्रिया हिटलरने गिळल्यावर पकडला गेला, दाखाऊ आणि बुखेनवाल्डच्या छळछावण्यांत राहिला, सुटून स्वीडनमार्गे अमेरिकेला गेला आणि तिथे त्या छावण्यांतल्या समाजावरच त्याने प्रबंध लिहिला. पुढे मुंबईत पाहुणा प्राध्यापक म्हणून आला आणि आपल्याकडचे शेतकरी रेडिओ ऐकून काय बोलतात याचा हिशेब मांडत बसला. माथुर आणि त्याचा अहवाल युनेस्कोने १९५९ मध्ये छापला.

पॉलचे वडील ऑटो नॉयरात हे तत्त्वज्ञ होते. त्यांची एक प्रतिमा तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्यांना पहिल्या वर्षालाच भेटते. आपलं ज्ञान म्हणजे भर समुद्रातली होडी. ती दुरुस्त करायची तर किनाऱ्यावर ओढून, सगळी सुटी करून, नव्याने बांधण्याची सोय नाही. तरंगत असतानाच एकेक फळी बदलायची, आणि ती बदलताना बाकीच्या फळ्यांवर उभं राहायचं. माझ्या मनात नेहमी येतं की ही होडी एकट्याची असेल तर तो माणूस बुडणार. एकाने फळी काढली तर दुसऱ्याने ती जागा धरायला हवी ना? आपल्याला जे माहीत आहे असं वाटतं त्यातलं बहुतेक आपण कुणावर तरी विश्वास ठेवून घेतलेलं असतं. टू-फोर-डीचा डोस पप्पा काही प्रयोगशाळेत तपासणार नव्हते. कुणाचं तरी ऐकावंच लागतं. मग ऐकलेलं तपासायचं कसं? तर दुसऱ्या कुणाला तरी ते आपल्यासमोर ऐकू देऊन. दुसरा रस्ता मला तरी दिसत नाही.

इथपर्यंत आल्यावर मी जवळजवळ ठरवून टाकलं होतं की हा लेख इथेच संपवायचा. जुना रेडिओ चांगला, नवा फोन वाईट. आपल्याकडे असे लेख भरपूर येतात आणि शेअरही होतात.

पण पॉल नॉयरात जिथून आला होता तिथेही लोक एकत्र बसूनच रेडिओ ऐकत होते. नाझींनी १९३३ मध्ये मुद्दाम स्वस्त रेडिओ काढला, घरोघरी पोचवला. मोठ्या भाषणाच्या वेळी कारखान्यातलं काम थांबवून सगळ्यांना एकत्र ऐकायला लावलं. युद्ध सुरू झाल्यावर परदेशी स्टेशन ऐकणं हा गुन्हा ठरला. तिथे एकत्र बसण्याची कमतरता नव्हती. "काय बी सांगतंय मेलं" म्हणायची सोय नव्हती. त्यामुळे जमून ऐकणं म्हणजे काहीतरी पवित्र, असं मानायला मी तयार नाही. शेजारी कोण बसलंय, आणि त्याला तोंड उघडता येतं का, हे बघावं लागतं.

आणि हा प्रश्न जर्मनीत ठेवून चालणार नव्हता. मी आजीला विचारलं, आबांच्या रेडिओभोवती कोण कोण बसायचं?

"पुरुस मान्सं."

"आणि तू?"

"मी सैपाकघरात. दाराआडनं ऐकू यायचं की."

"तू बोलायचीस?"

आजी हसली. "तवा कुठलं बोलनं. सासरा बसल्याला असायचा."

म्हणजे "सगळीच बोलायची" मधल्या "सगळी" या शब्दात आजी स्वतः नव्हती. मी पुढे विचारलं, वस्तीवरची माणसं यायची का? यायची, म्हणाली. अंगणात, लांब, खाली बसायची. ओट्यावर नाही. त्यातलं कुणी बोलल्याचं तिला आठवत नव्हतं. आठवत नाही असं म्हणताना तिने भाकरीच्या परातीतून मान वर केली नाही.

१९५६ च्या त्या मंडळांतही बायका जवळपास नव्हत्याच. म्हणजे माहिती वाढली असं आपण म्हणतो ती गावातल्या एका भागाची. दाराआडून ऐकणाऱ्या बाईला काय कळलं, हे विचारायला कुणी दाराआड गेलं नसावं असं मला वाटतं. रेडिओचं बटण एका माणसाच्या हातात असायचं आणि त्याच्यासमोर कोण बोलेल हेही त्याच्याच मर्जीवर. पडवीत आज आजी व्हिडिओवाल्याला "मेलं" म्हणते याचं मला जे कौतुक वाटतं, त्यासाठी तिला साठ वर्षं वाट बघावी लागली. सासरा गेला, आबा गेले, आणि रेडिओही बंद पडला.

आजीकडे आता स्वतःचा फोन आहे. माझाच जुना. ती दुपारी कीर्तनं ऐकते, दुसऱ्या कुणाच्या परवानगीशिवाय, आणि नको असेल ते पुढे ढकलते. तिला विचारलं, रेडिओ बरा होता की फोन? तिने क्षणभरही विचार केला नाही. "फोन."

तेव्हा एकट्याने ऐकण्यालाही काही बाजू आहे. ज्याला कधी ओट्यावर बसू दिलं नाही त्याच्यासाठी कानातला आवाज ही सुटका असते. हे मला आधी सुचायला हवं होतं, कारण बारावीत असताना मीही इयरफोन घालूनच अशा गोष्टी ऐकल्या ज्या पडवीत लावायची माझी हिंमत नव्हती. पुण्याला शिकायला जाण्याचं बळ मला त्यातून आलं. पप्पांना इयरफोन देताना हेच सुख त्यांना देतेय असं मला वाटलं असेल का? नाही. खरं सांगायचं तर मला फक्त शांतता हवी होती.

मग काय करायचं? आजीला दाराआड न पाठवता पप्पांना पडवीत परत कसं आणायचं?

रेडिओच्या इतिहासात याचं एक उत्तर द्यायचा प्रयत्न झाला आहे आणि तो आमच्या अगदी जवळ झाला आहे. ९ फेब्रुवारी १९९५ ला सर्वोच्च न्यायालयाने एक निकाल दिला. वाद होता क्रिकेटच्या सामन्यांचं प्रक्षेपण कुणी करायचं याचा. बंगालची क्रिकेट संघटना एका बाजूला, केंद्र सरकार दुसऱ्या बाजूला. न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिलेल्या त्या निकालाचं सार असं की हवेतल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, त्यांच्यावर सरकारची मक्तेदारी असू शकत नाही. लायसनच्या जमान्यापासून हे केवढं मोठं अंतर आहे. पण लहरी सगळ्यांच्या म्हणजे हातात पैसा असणाऱ्यांच्या एवढाच अर्थ होऊ नये, म्हणून पुढे सामुदायिक रेडिओ आला. आधी शिक्षणसंस्थांना परवानगी मिळाली, मग २००६ च्या धोरणाने स्वयंसेवी संस्था आणि कृषी विज्ञान केंद्रांनाही. ताकद सहसा शंभर वॉट, आवाज दहा-पंधरा किलोमीटर जाईल इतकाच. निम्मे तरी कार्यक्रम तिथल्याच लोकांनी तयार केलेले हवेत. स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत, ही अट अजून आहे आणि मला ती मुळीच पटत नाही. गावाला कालव्याच्या आवर्तनाची गोष्ट बातमी म्हणून सांगायची नसेल तर कुठली सांगायची?

बारामतीत अशी दोन केंद्रं आहेत. विद्या प्रतिष्ठानची वसुंधरा वाहिनी, ९०.४ एफएम. आणि शारदानगरच्या कृषी विज्ञान केंद्राची शारदा कृषी वाहिनी, ९०.८. शारदानगर म्हणजे आमच्या घरापासून गाडीवर थोड्या वेळाचं अंतर. बोलणारी माणसं आमच्यासारखंच बोलतात. म्हसवडला माणदेशी तरंग वाहिनी आहे, तिथे गावातल्या बायकाच माइकसमोर बसतात. आजी ज्या दाराआड होती तिथून थेट माइकपर्यंत.

मी उत्साहाने पप्पांच्या फोनमध्ये रेडिओ उघडून दिला. स्क्रीनवर सूचना आली की इयरफोन जोडा. फोनमधल्या एफएमला अँटेना नसते, वायरवाल्या इयरफोनची वायर हीच त्याची अँटेना. पप्पांच्या गळ्यातले इयरफोन ब्लूटूथचे. म्हणजे आठ-दहा किलोमीटरवरचा आवाज ऐकायला आधी कानात वायर घाला, आणि ती वायर माझ्या नव्या फोनला तर लागतही नाही, कारण त्याला भोकच नाही. एएम तर कुठल्याच फोनमध्ये नसतं. पुणे केंद्र आता ॲपवर ऐकता येतं. जून २०२३ मध्ये त्याचा प्रादेशिक वृत्तविभाग बंद करायचं ठरलं होतं, लोकांनी विरोध केल्यावर ते थांबलं. ती बातमी मी पुण्यात वाचली, दोन ग्रुपवर फॉरवर्ड केली, आणि त्यानंतर एकदाही ते केंद्र लावलं नाही. मला वाचवावंसं वाटतं, ऐकावंसं वाटत नाही. यावर कुणाला बोट दाखवणार?

टोमॅटोचं काय झालं ते सांगायचं राहिलं.

व्हिडिओचं दहावं मिनिट मी पप्पांना ऐकवलं तेव्हा ते काही बोलले नाहीत. उठून म्हशीला पाणी पाजायला गेले. रात्री जेवताना म्हणाले, "नानाला व्हायरस वाटतोय, वाटू दे." आई म्हणाली, सांगून टाका. पप्पा म्हणाले, सांगितलं तर भरून द्यावं लागेल, नाही सांगितलं तर नाना पुढच्या वर्षी नर्सरी बदलेल, एवढंच ना. आजी जेवत होती. ती म्हणाली, "नर्सरीवाल्याला फुकट शिव्या बसत्यात."

तीन दिवस गेले. मी मध्ये पडले नाही. इयरफोन माझे होते, व्हिडिओ दुसऱ्याचा होता, हात पप्पांचे होते, आणि सांगायचं कुणी हे ठरेना. चौथ्या दिवशी संध्याकाळी पप्पा फोन घेऊन नानांच्या ओट्यावर गेले. मीही मागे गेले. नानांची सून दारात तांदूळ निवडत होती, ती आत जायला लागली, तर पप्पाच म्हणाले, "बस, तू बी ऐक." त्यांनी काही प्रस्तावना केली नाही. व्हिडिओ लावला, पूर्ण आवाजात, पहिल्यापासून. नानांना आधी कळेना की हा मला उसाचा व्हिडिओ कशाला दाखवतोय. चौथ्या मिनिटाला पप्पांनी बोटाने थांबवल्यासारखं केलं, पण बंद केला नाही. चालू ठेवला. दहावं मिनिट आलं. वारा, सकाळ, शेजारचा भाजीपाला. मग लाइक करा, शेअर करा.

नाना बराच वेळ बांधाकडे बघत राहिले. सूनच पहिल्यांदा बोलली. "मी म्हनलं हुतं, व्हायरस असता तर त्या टोकाची झाडं पन गेली असती. बांधाकडचीच गेल्यात." तिने हे आधी कुणाला म्हटलं होतं, माहीत नाही. नाना तिच्याकडे बघायला लागले.

मग म्हणाले, "पुन्यांदा लाव."

नुकसानीचं अजून पुरतं ठरलेलं नाही. पप्पांनी अर्धं देतो म्हटलंय, नाना म्हणतात आधी कारखान्याचं बिल येऊ दे, मग बघू. या खेपेला मी घरी गेले तेव्हा इयरफोन पडवीतल्या खिळ्याला लटकत होते. आई म्हणाली, आजी नेते कधी कधी, कीर्तनाला.